दोन पठारे आणि उतारूंचे हक्क

गोव्यात विमाने आज दोन पठारांवर उतरतात. वास्कोजवळचे दाबोळी हे जुने, पेडणे तालुक्यातील मोपा हे नवे. दाबोळीचा विमानतळ पोर्तुगीज अमदानीत १९५५ साली सुरू झाला. डिसेंबर १९६१ मध्ये त्याच्या धावपट्टीवर भारतीय विमानांनी बाँब टाकले व गोवा मुक्त होताच तो नौदलाकडे गेला. आजही नौदलाची आणि उतारूंची विमाने तेथे एकाच धावपट्टीवरून उडतात. मोप्याचे उद्घाटन ११ डिसेंबर २०२२ रोजी झाले व ५ जानेवारी २०२३ पासून वाहतूक सुरू झाली. बांदा-सावंतवाडीकडील मंडळींस ते फार सोयीचे पडते. दोहोंत रस्त्याने सुमारे साठ किलोमीटरांचे अंतर आहे. म्हणून तिकिटावर दाबोळीचे ‘जीओआय’ आहे की मोप्याचे ‘जीओएक्स’, हे निघण्यापूर्वीच पाहावे.

नाताळाच्या आधीच्या दिवसांत या विमानतळांवरील सामानाच्या फिरत्या पट्ट्यापाशी थोडा वेळ उभे राहावे. आखाती देशांत राबून घरी परतणारे कितीतरी लोक तेथे दिसतात. त्यांच्या पेटीत बहिणीच्या लग्नाचे कापड असते, मुलांची खेळणी असतात, वर्षभराची काटकसर असते. पट्टा थांबतो आणि एखाद्याची पेटी आलेलीच नसते. बाहेर घरची माणसे भाड्याची गाडी घेऊन ताटकळलेली असतात. ‘उद्या पाहू’ असे म्हणून तो थकला जीव दाराबाहेर पडतो, आणि आपला दावा आपल्याच हाताने दुबळा करतो.

वाचकहो, त्या दाराच्या आतच विमान कंपनीचे माणूस गाठावे. सामानाची लेखी तक्रार नोंदवून तिची प्रत व क्रमांक घ्यावा. बोर्डिंग पास व सामानाच्या पावतीची चिठ्ठी जपून ठेवावी. आंतरराष्ट्रीय प्रवासास १९९९ चा मॉन्ट्रियल करार लागू होतो. भारत त्यात २००९ साली सामील झाला. पेटी मोडली असल्यास ती मिळाल्यापासून ७ दिवसांत, उशिरा मिळाल्यास हाती आल्यापासून २१ दिवसांत लेखी तक्रार करावी लागते. यावयाच्या दिवसापासून २१ दिवसांत ती आलीच नाही, तर हरवली असे धरून भरपाई मागता येते. कोर्टात जाण्याची मुदत दोन वर्षांची आहे. भरपाईची करारातील कमाल मर्यादा २८ डिसेंबर २०२४ पासून रुपयांत दीड लाखाहून अधिक भरते. परंतु ती मर्यादा आहे, ठरलेली रक्कम नव्हे. नुकसान दाखवावे लागते, म्हणून खरेदीच्या पावत्या टाकू नयेत. दागिने, रोकड व औषधे हातातील पिशवीतच असावीत.

जाणाऱ्या उतारूंसही हक्क आहेत. देशांतर्गत विमान पूर्वसूचनेवाचून रद्द झाले, तर दुसरे विमान किंवा तिकिटाचे पैसे यांतून निवड करावयाची ती उतारूने. शिवाय प्रवासाच्या वेळेनुसार ५,००० ते १०,००० रुपये, अथवा एकेरी मूळ भाडे व इंधन आकार, यांपैकी कमी असेल ती भरपाई मिळते. पावसाळ्यात पठारावर ढग उतरून विमान रद्द झाले, तर मात्र ही भरपाई मागता येत नाही. निसर्गाचा दोष कंपनीच्या माथी मारता येत नाही. परंतु वेळेवर हजर असूनही जास्त तिकिटे विकल्यामुळे जागा नाकारली, तर गोष्ट निराळी. एका तासात सुटणारे दुसरे विमान न दिल्यास २०,००० रुपयांपर्यंत भरपाई देय होऊ शकते.

दाद प्रथम कंपनीकडे, मग सरकारच्या ‘एअरसेवा’कडे मागावी. तेथेही न्याय न मिळाल्यास ग्राहक आयोग आहेच. २०१९ च्या ग्राहक संरक्षण कायद्याप्रमाणे आपण राहतो त्याच जिल्ह्यात तक्रार गुदरता येते. पेडण्याच्या किंवा बेळगावच्या माणसाने त्यासाठी दिल्ली-मुंबई गाठण्याचे कारण नाही. कागद मात्र जवळ हवेत.