दहा मिनिटांची पंगत

न्यूयॉर्कच्या भुयारी रेल्वेनं दक्षिणेकडं शेवटपर्यंत गेलं की कोनी आयलंड लागतं. स्टेशनाबाहेर पडलं की समोर समुद्र, डाव्या अंगाला १९२० सालापासून फिरणारा 'वंडर व्हील' नावाचा आकाशपाळणा, आणि रस्त्याच्या पलीकडं कोपऱ्यावरच हिरव्या-पिवळ्या पाट्यांनी मढलेलं 'नेथन्स फेमस' हे हॉट डॉगचं दुकान. पोलंडहून आलेल्या नेथन हँडवर्कर नावाच्या एका गरीब ज्यू माणसानं ते १९१६ साली काढलं. दर वर्षी ४ जुलैला, म्हणजे अमेरिकेच्या स्वातंत्र्यदिनी, या कोपऱ्यावरचा रस्ता बंद करून मंच घालतात आणि जगातली सगळ्यात गाजलेली खाण्याची स्पर्धा भरवतात. २०२५ची स्पर्धा मी गर्दीत उभं राहून पाहिली.

मुलगी न्यू जर्सीत असते. "मामा, लवकर निघू, नाहीतर नुसती लोकांची डोकी दिसतील," असं जावयानं बजावलं होतं आणि ते खरंच होतं. हजारो माणसं जमलेली. बापांच्या खांद्यावर पोरं, डोक्यावर हॉट डॉगच्या आकाराच्या फोमच्या टोप्या, हातात पाट्या. मंचावर जॉर्ज शे नावाचा निवेदक, डोक्यावर गवती हॅट. कुस्तीच्या फडावर पैलवानाचं नाव पुकारतात तसा तो एकेका खाणाऱ्याला नाव, गाव आणि पराक्रम सांगत मंचावर बोलवत होता. बायकांची स्पर्धा आधी झाली. त्यात मिकी सुडो या बाईनं दहा मिनिटांत ३३ हॉट डॉग खाऊन अकराव्यांदा अजिंक्यपद घेतलं. बाई अंगानं सडपातळ. एवढं अन्न गेलं कुठं, हे मी बायकोला विचारलं, बायकोनं मुलीला.

नियम साधे आहेत. वेळ दहा मिनिटं. हॉट डॉग पावासकट खायचा. वेळ संपताना तोंडात जे असेल ते गिळलं तरच धरतात. उलटी झाली की बाद. बाजूला वैद्यकीय मदतीची माणसं उभी असतात. पुरुषांमधल्या विजेत्याला १० हजार डॉलर आणि मोहरीच्या पिवळ्या रंगाचा पट्टा मिळतो.

मग पुरुषांच्या स्पर्धेसाठी जोई चेस्टनट आला आणि त्या गर्दीतून जो आवाज उठला तो मी आयुष्यात फार थोड्या माणसांसाठी उठलेला ऐकलाय.

मी त्याच्या हातांवर नजर ठेवली होती, मोठ्या पडद्यावर ते जवळून दिसत होते. सॉसेज पावातून बाहेर काढायचं, दोन एकदम धरायची आणि दोन-चार घासांत संपवायची. तोवर दुसऱ्या हातानं पाव पेल्यात बुडवायचा, मुठीत दाबायचा आणि तो ओला गोळा तोंडात ढकलायचा. चावणं जवळजवळ नाहीच. टाचा उचलून, कंबर हलवून, अंगाला झटके देत तो घास खाली उतरवत होता. मान ताठ, डोळे कुठंतरी लांब. चेहऱ्यावर चव घेतल्याची खूण दहा मिनिटांत एकदाही दिसली नाही. त्याच्या मागं एक मुलगी आकड्यांच्या पाट्या बदलत होती. सुरुवातीला त्या इतक्या भराभर बदलत होत्या की मला वाटलं मोजण्यात काही चुकतंय. पाचव्या-सहाव्या मिनिटाला गती उतरली. घाम कपाळावरून डोळ्यांत जात होता, तो पुसायलाही त्याला हात मोकळा नव्हता. शेवटी आकडा आला साडेसत्तर. दुसरा आला पॅट्रिक बर्टोलेटी, साडेशेहेचाळीस. चेस्टनटचं हे सतरावं अजिंक्यपद.

हिशेब केला. पावासकट एका हॉट डॉगमध्ये तीनशेच्या आसपास कॅलरी धरल्या तर साडेसत्तरांच्या वीस हजारांवर जातात. धडधाकट माणसाचं आठ-नऊ दिवसांचं जेवण ते दहा मिनिटांत त्याच्या पोटात गेलं होतं.

आधी मला राग आला, तो का आला ते सांगायला हवं.

माझं लहानपण मराठवाड्यात कंधार आणि अहमदपूरच्या मधल्या माळावरच्या एका गावात गेलं. १९७२च्या दुष्काळात आई-वडील दोघं खडी फोडायला जायचे. आम्हा पोरांना कामावर सुकडी नावाचा कोरडा खाऊ मिळायचा, तो सदऱ्याच्या ओच्यात घेऊन आम्ही बांधावर बसून खायचो. रेशनवर लाल मिलो यायची. ती अमेरिकेची ज्वारी, तिथं जनावरांना घालतात, असं गावात बोललं जायचं. तिची भाकरी थापता थापता तुटायची. आई ते तुकडे तव्यावर जोडून भाजायची आणि अख्खी भाकरी वडलांच्या ताटात वाढून तुकडे स्वतःला ठेवायची. आमच्या पिढीला ताटात शीत टाकता येत नाही, ते त्या वर्षामुळं.

आता नेथन्सच्या स्पर्धेचं ऐका. ती १९१६पासून चालत आल्याचं वर्षानुवर्षं सांगितलं जायचं. पण ती गोष्ट जाहिरातीसाठी रचलेली होती, हे ती रचणाऱ्यांपैकीच एका मॉर्टिमर मॅट्झ यांनी २०१०मध्ये कबूल केलं. स्पर्धेची खात्रीची नोंद मिळते ती १९७२पासून! म्हणजे ज्या वर्षी आम्ही अमेरिकेची मिलो खात होतो, त्याच वर्षी त्या कोपऱ्यावर कोण जास्त खातो याची शर्यत लागली होती. हे कळल्यावर मी जावयाशी बराच वेळ बोललो नाही. बिचाऱ्याचा काही दोष नव्हता.

पण चेस्टनटबद्दल जसजसं वाचत, विचारत गेलो तसतसं कुतूहल वाढलं. त्याचा जन्म १९८३चा, केंटकी राज्यातला. वाढला कॅलिफोर्नियात व्हॅलेहो गावी, आणि शिकला सॅन होजेच्या विद्यापीठात. शिकत असतानाच, २००५मध्ये, तो खाण्याच्या स्पर्धांत उतरला. स्टॉकटनला शतावरीच्या कोंबांची जत्रा भरते. तिथं त्यानं साडेअकरा मिनिटांत सव्वासहा पौंडांहून जास्त, म्हणजे पावणेतीन किलोच्या वर, तळलेले कोंब खाल्ले आणि नाव केलं. त्याच वर्षी कोनी आयलंडला ३२ हॉट डॉग खाऊन तिसरा आला.

तेव्हा तिथं राज्य होतं जपानच्या ताकेरू कोबायाशीचं. नागानोचा हा किडकिडीत पोरगा २००१मध्ये आला आणि त्यानं ५० हॉट डॉग खाल्ले. आधीच्या वर्षीचा विक्रम पंचवीसच्या थोडा वर होता. एखाद्या खेळात विक्रम एका फटक्यात दुप्पट झाल्याचं दुसरं उदाहरण मला सापडलं नाही. सॉसेज मधोमध मोडायचं आणि पाव पाण्यात बुडवून खायचा, ही युक्ती त्याची. पाव बुडवणं तर आज जवळजवळ सगळेच करतात. २००७मध्ये चेस्टनटनं त्याला ६६ विरुद्ध ६३ असं हरवलं. पुढं २०१५चा एक पराभव सोडला तर चेस्टनट जिंकतच गेला, आणि २०२१मध्ये त्यानं ७६चा विक्रम केला. स्पर्धेआधी काही दिवस तो उपास काढतो, पोट ताणायला पाणी पितो, घशाच्या आणि श्वासाच्या स्नायूंचा व्यायाम करतो. हा व्यवसाय आहे आणि त्यात मेहनत आहे, हे मान्य करावंच लागतं.

२००७मध्येच पेनसिल्वेनिया विद्यापीठाच्या डॉक्टरांनी अशाच एका पट्टीच्या खाणाऱ्याला आणि एका साध्या माणसाला हॉट डॉग खायला घालून त्यांचं पोट क्ष-किरणांनी पाहिलं. साधा माणूस सातव्या हॉट डॉगला थांबला. खाणाऱ्यानं दहा मिनिटांत ३६ खाल्ले. त्याचं जठर आकसतच नव्हतं, नुसतं ताणत जाऊन अख्ख्या पोटभर पसरलं होतं. पुढं अशा जठराची अन्न खाली ढकलण्याची ताकदच जाऊ शकते, असा इशारा त्यांनी दिला.

आणि मग कोबायाशीचं वाचलं. २०२४मध्ये एका माहितीपटात त्यानं सांगितलं की आपल्याला आता भूकच लागत नाही. पोट भरल्याचंही कळत नाही. तेव्हा त्यानं स्पर्धांतून निवृत्ती जाहीर केली होती. पुढं सप्टेंबरमध्ये एका सामन्यापुरता तो परत आला, ६६ हॉट डॉग खाल्ले आणि ८३ खाणाऱ्या चेस्टनटकडून हरला. सामन्याचं राहू द्या. मला त्याचं पहिलं वाक्य सोडवेना. आमच्या घरी बाहत्तर साली भूक ही रात्रीची वैरी होती. पण दिवसभर खडी फोडून आलेल्या आईला जी भूक लागायची, तिच्यामुळं तो मिलोचा तुकडा गोड लागायचा, हे मी डोळ्यांनी पाहिलंय. पोटाला काही मागताच येऊ नये, ही अवस्था दुष्काळातसुद्धा आमच्यापैकी कुणाच्या वाट्याला आली नव्हती. त्या जपानी माणसासाठी मला मनापासून वाईट वाटलं, आणि राग होता तो निम्मा तिथंच गेला.

उरलेला निम्मा गेला तो एका वेगळ्या आकड्यामुळं. या स्पर्धेच्या निमित्तानं नेथन्स कंपनी दर वर्षी न्यूयॉर्कच्या 'फूड बँक' या संस्थेला एक लाख हॉट डॉग देते. १९८३पासून चालणारी ही संस्था शहरभरच्या अन्नछत्रांना आणि गरजू घरांना अन्न पुरवते. जगातल्या सगळ्यात श्रीमंत शहरांपैकी एकात अशी संस्था लागावी, हे माझ्यासाठी आणखी एक आश्चर्य होतं. रांगेत पिशवी घेऊन उभं राहणारी माणसं तिथंही आहेत.

चेस्टनटचं स्वतःचंही एक सांगण्यासारखं आहे. २०२४मध्ये त्यानं वनस्पतिजन्य मांस करणाऱ्या एका कंपनीशी करार केला म्हणून त्याला त्या वर्षी कोनी आयलंडची दारं बंद झाली. तो घरी बसला नाही. ४ जुलैलाच टेक्सासमधल्या फोर्ट ब्लिस या लष्करी तळावर गेला आणि सैनिकांबरोबर खाण्याची लढत दिली. पाच मिनिटांत ५७ हॉट डॉग खाल्ले. चार सैनिकांचे मिळून झाले ४९. तो कार्यक्रम सैनिकांच्या कुटुंबांना मदत करणाऱ्या 'ऑपरेशन होमफ्रंट' या संस्थेसाठी होता. हातातली सगळ्यात मोठी संधी गेली, तर उरलेल्या नावाचा उपयोग त्यानं दुसऱ्याच्या घरासाठी केला. हे मला त्याच्या ७६पेक्षा मोठं वाटतं.

आमच्याकडं खाऊ घालण्याची गोष्ट काही नवी नाही. नांदेडला बाबा निधानसिंगांनी विसाव्या शतकाच्या सुरुवातीला सुरू केलेला लंगर आजही चालतो. बाबा नांदेड सोडून निघाले होते, रेल्वे स्टेशनावर त्यांना गुरूंचं दर्शन झालं आणि लंगरची आज्ञा मिळाली, असं भाविक सांगतात. तिथं पोळीला प्रशादा म्हणतात आणि ती दोन्ही तळहात पुढं करून घ्यायची असते. वाढणारा किती खाल्ल्या ते विचारत नाही. ३० सप्टेंबर १९९३ला किल्लारीचा भूकंप झाला तेव्हा लातूर-उस्मानाबादच्या गावांत कुठून कुठून शिजलेलं अन्न घेऊन माणसं धावली. २०१६च्या एप्रिलमध्ये लातूरला प्यायला पाणी नव्हतं तर मिरजेहून रेल्वेनं पाणी आलं. आपण घेतलंय, आणि आपल्याला देताही येतं.

तरी कोनी आयलंडचं एक उचलावं असं मला वाटतं. आपल्याकडं गणेशोत्सवात, जत्रेत, कॉलेजच्या संमेलनात जिलेबी, केळी, वडापाव खाण्याच्या स्पर्धा होतात. लोक हसतात, टाळ्या वाजवतात, दुसऱ्या दिवशी विसरतात. माळेगावच्या खंडोबाची यात्रा भरते त्या दिवसांत कंधार-मुखेडकडची कितीतरी माणसं ऊसतोडीला गेलेली असतात आणि गावात म्हातारी माणसं आणि लेकरं मागं राहिलेली असतात. स्पर्धकानं एक जिलेबी खाल्ली की प्रायोजकानं एक ताट त्या घरी पोचवायचं, एवढा एकच नियम मंडळांनी घालावा. आकडा फळ्यावर लिहावा आणि गावासमोर वाचून दाखवावा. स्पर्धकाजवळ डॉक्टर उभा ठेवावा आणि अठराच्या आतल्या पोरांना मंचावर चढू देऊ नये, कारण घास श्वासनलिकेत अडकायला दहा मिनिटं लागत नाहीत.

नांदेड किंवा लातूर जिल्ह्यातलं जे मंडळ या वर्षी अशी स्पर्धा ठेवील त्यानं मला जरूर कळवावं. पहिल्या शंभर ताटांचा खर्च माझ्याकडं लागला.