वरी पा



मी इंदूरची, रामबागेतली. गेली नऊ वर्षं कॅनडात, न्यू ब्रन्सविक प्रांतातल्या मंक्टनला. इथे अकेडियन लोक पुष्कळ. सतराव्या शतकात आलेल्या फ्रेंच शेतकऱ्यांचे हे वंशज. बिनशर्त राजनिष्ठेची शपथ घेत नाहीत म्हणून 1755 पासून इंग्रजांनी त्यांची घरं जाळली, जहाजांत भरून दूर पाठवलं. काही परतले. जमिनी गेल्या होत्या, भाषा मात्र टिकवली.

लेकीची एक मैत्रीण त्यांच्यातलीच, सोळा वर्षांची. तिच्या बोलीला शियाक म्हणतात. फ्रेंच वाक्यात इंग्रजी शब्द, कधी इंग्रजी क्रियापदाला फ्रेंच शेपूट. 'वरी पा' म्हणजे काळजी नको करू. एकदा आमच्याकडे जेवताना सांगत होती, पॅरिसला हिनं फ्रेंचमध्ये पाव मागितला तर दुकानदार इंग्रजीत उत्तर देऊन राहिला. "मग मी आईलाच पुढे केलं," म्हणाली. हसतच म्हणाली, पण मला घास गिळेना.

मी दहा वर्षांची असताना पुण्यात मावशीकडे "मला माहीत पडलं" म्हणाले होते. सगळी भावंडं खो खो हसली. पुढची सगळी सुट्टी मी मुक्यानं काढली.

आणि आता तेच मी लेकीला करत होते. आजीशी फोनवर "मी तुला मिस करून राहिली" म्हणाली की मागून माझं, "आठवण येते म्हण!" हळूहळू ती फोनवर यायचीच बंद झाली. आईनं विचारलंही, "पोरगी रुसली का गं?" मी म्हटलं, अभ्यास असतो. खोटंच.

15 ऑगस्ट हा अकेडियन लोकांचाही राष्ट्रीय दिवस. (हो, तोच! त्यांनी 1881 मध्ये ठरवलेला.) संध्याकाळी तँतामार असतो, म्हणजे भांडी बडवत, भोंगे वाजवत रस्त्यावर उतरायचं, आम्ही अजून इथेच आहोत हे ऐकवायला. गालावर फ्रान्सचे तीन रंग आणि निळ्यावर पिवळा तारा रंगवून मैत्रीण बोलवायला आली. लेक माझी पोह्यांची कढई आणि झारा उचलून पळाली, मी मागे. तेवढ्यात आईचा व्हिडिओ कॉल.

"काय गं हा गोंधळ? रंगपंचमीची गेर निघाली का काय?"

लेकीनं फोन हिसकावला. "आजी, आम्ही शोर करून राहिलोय! वरी पा!"

"काय म्हणाली ती?"

"काळजी नको करू म्हणते," मी सांगितलं. बाकी काही बोलले नाही.

कढईला दोन पोचे आलेत.