दहावीच्या आधी की नंतर?

चि. बाळ्यास अनेक आशीर्वाद.

तुझा मेसेज वाचला, फोटो बघितले. माळ्यावरचा जुना सीपीयू खाली काढून तू त्यातली हार्ड डिस्क अडॅप्टरने लॅपटॉपला जोडलीस आणि ती चक्क फिरली, हेच मोठं. इतकी वर्षं धूळ खात पडलेली डिस्क कधीकधी नुसती टकटक करते.

आता तुझ्या खटल्याकडे वळू. तुझी दहावी मार्च २००३ ची. गणिताच्या मार्कांचं खापर तुझी आई आजतागायत ‘त्या गाड्या पळवायच्या गेम’वर फोडते, लग्न असो, बारसं असो, तो विषय निघतोच. तुझं म्हणणं असं की व्हाइस सिटी घरात आली ती परीक्षेनंतर. यंदा गौरी-गणपतीला सगळे जमायच्या आत तुला ते पुराव्यानिशी सिद्ध करायचंय. त्यासाठी डी ड्राइव्हवरच्या त्या गेमच्या फोल्डरचं प्रॉपर्टीज उघडलंस, तर समोर ‘क्रिएटेड : १ जानेवारी २००२, रात्रीचे १२ वाजून ९ मिनिटं’. म्हणजे परीक्षेच्या सव्वा वर्ष आधी! तुझ्या मेसेजमधल्या रडक्या चेहऱ्यांच्या रांगेचं कारण तेव्हा कळलं.

घाबरू नकोस. पण लगेच नाचूही नकोस, पत्र शेवटपर्यंत वाच.

आधी एक गोष्ट समजून घे. गेम कधी इन्स्टॉल झाला हे विंडोज स्वतःहून कुठेही लिहून ठेवत नाही. लिहिलंच तर गेमचा सेटअप लिहितो. रजिस्ट्रीत ‘अनइन्स्टॉल’ नावाचा कप्पा असतो, त्यात आपली नोंद करतो आणि मनात आलं तर सोबत तारीख टाकतो. त्याने तारीख टाकली नसेल, तर ती नोंद शेवटची कधी बदलली एवढ्यावरून अंदाज करायचा. ‘इन्स्टॉल्ड ऑन’ हा रकाना व्हिस्टापासून दिसू लागला, पण त्याच्याही पोटात हाच प्रकार आहे. गेम दुरुस्त केला, अपडेट आला, की तारीख पुढे सरकू शकते. एक्सपीच्या ‘ॲड ऑर रिमूव्ह प्रोग्राम्स’मध्ये तर हा रकानाच नव्हता.

तुझ्या बाबतीत ही वाट तशीही बंद आहे. एक तर तुमची ती सीडी मित्राच्या मित्राकडून आलेली, दाबून एका सीडीत बसवलेली. बॅच फाइल चालवायची, काळ्या खिडकीत अक्षरं पळायची आणि गेम डी ड्राइव्हवर उलगडायचा. असल्या सीडीला रजिस्ट्रीशी काय देणंघेणं! दुसरं, २००४ च्या दिवाळीत असेंबलवाल्याने तुमच्या मशीनला फॉर्मॅट मारला. त्या काळी प्रत्येक आजारावर तेच औषध होतं. सी ड्राइव्ह धुऊन निघाला. रजिस्ट्री गेली. प्रीफेच फोल्डर गेलं; एक्सपीमध्ये एखादा प्रोग्राम पहिल्यांदा चालला की काही सेकंदांत तिथे त्याच्या नावाची छोटी फाइल तयार होते, तिने पहिल्या खेळाची वेळ सांगितली असती. डेस्कटॉपवरचा शॉर्टकटही गेला. शॉर्टकटच्या आत मूळ फाइलच्या तारखांची प्रत लपलेली असते, हे फारसं कुणाला ठाऊक नसतं. आणि सर्वांत वाईट म्हणजे माय डॉक्युमेंट्समधलं ‘जीटीए व्हाइस सिटी यूजर फाइल्स’ गेलं. सेव्ह केलेले गेम त्यात असायचे आणि प्रत्येक सेव्हच्या पोटात तारीख-वेळ लिहिलेली असायची.

उरला फक्त डी ड्राइव्ह. कुणी शहाण्याने तो फॅट-३२ ठेवलेला दिसतो, आणि ते तुझं नशीब. एनटीएफएस डिस्क वेळ ग्रीनिचच्या हिशेबाने साठवते, १ जानेवारी १६०१ पासून एका सेकंदाचे कोटी तुकडे करून ते मोजत जाते. ऐकायला भारी वाटतं. पण आपल्याकडे एक्सपी टाकताना टाइम झोन बदलायची तसदी कित्येक जण घ्यायचे नाहीत, तो तसाच अमेरिकेच्या पश्चिम किनाऱ्याचा राहायचा. यादीत शेजारी मेक्सिकोतल्या तिहुआनाचं नाव असायचं. घड्याळ मात्र कोपऱ्यात आपलीच वेळ दाखवायचं, कारण ती हाताने लावलेली. अशी एनटीएफएस डिस्क आज तुझ्या लॅपटॉपला जोडलीस, तर हिवाळ्यातली प्रत्येक वेळ साडेतेरा तासांनी पुढे दिसेल. रात्री आठला खेळलेला गेम दुसऱ्या दिवशी सकाळी साडेनऊला, म्हणजे ऐन शाळेच्या वेळी! फॅटला ही अक्कल नाही. घड्याळात दिसेल ती वेळ तो जशीच्या तशी लिहितो. इथे त्याचं अडाणीपण आपल्या पथ्यावर पडलं.

घड्याळच चुकीचं असेल तर मात्र तो चुकीचीच वेळ लिहिणार. इथे तुझी १ जानेवारी २००२ येते. मदरबोर्डवर एक गोल चपटा सेल असतो, सीआर-२०३२, तीन व्होल्टचा. मशीनची वीज पूर्ण बंद असताना घड्याळ त्याच्यावर चालतं. तुझे बाबा रोज रात्री बोर्डावरचं बटण बंद करायचे, वर भारनियमन. म्हणजे दिवसातला बराचसा वेळ घड्याळ सेलवरच. सेल संपला की सुरू करताना काळ्या पडद्यावर ‘सीएमओएस चेकसम एरर’ यायचं आणि खाली ‘एफ-वन दाबा’. आठवतंय? तुमच्या घरी एफ-वनवरची छपाई पुसट झाली होती. एफ-वन दाबलं की घड्याळ बायोसमध्ये ठरवून ठेवलेल्या तारखेपासून पुन्हा सुरू व्हायचं. त्या काळच्या पुष्कळ बोर्डांवर ती तारीख एखाद्या वर्षाची १ जानेवारी असायची, वेळ मध्यरात्रीची. तुझी वेळ बघ : बारा वाजून नऊ मिनिटं. मशीन चालू केलं, एफ-वन दाबलं, एक्सपी रखडत उभी राहिली, सीडी घातली. नऊ मिनिटं. ही खरी मध्यरात्र नाही, घड्याळ शून्यावर आल्यानंतरची नऊ मिनिटं आहेत.

याला आतूनच पुष्टी मिळते. फोल्डरमधल्या जीटीए-व्हीसी या मुख्य फाइलवर ‘मॉडिफाइड’ २००३ दिसतंय, तू फोटोत लाल गोल केलायस ते. क्रिएटेड आणि मॉडिफाइडमध्ये बहुतेकांचा गोंधळ होतो. फाइल कॉपी केली की क्रिएटेड नवं होतं आणि मॉडिफाइड जुनंच राहतं. भाडेकरूच्या नोंदीत या घरात राहायला आल्याची तारीख वेगळी आणि त्याची जन्मतारीख वेगळी, तसं. मॉडिफाइड बनवणाऱ्याकडून आलेलं असतं, आणि बनवणारे त्यात काहीही टाकतात. एमएस-डॉस ६.२२ च्या फाइलींवर वेळ सकाळी सहा बावीसची असायची, आवृत्तीचा नंबरच वेळेत घुसवलेला. मला ते फार आवडायचं. असो. २००३ मध्ये तयार झालेली फाइल २००२ च्या जानेवारीत तुमच्या डिस्कवर कशी उतरेल?

आणि सगळ्यांत पक्का पुरावा त्या डिस्कवर नाहीच. व्हाइस सिटी ऑक्टोबर २००२ मध्ये आली ती फक्त प्लेस्टेशन टू वर. पीसीची आवृत्ती बाजारात आली मे २००३ मध्ये. तुझी परीक्षा मार्चमध्ये संपली. बनावट असो की अस्सल, जी सीडी जगात नव्हती ती तुमच्या गल्लीत येणार कुठून? तारखा शोधताना मी नेहमी हे आधी बघतो. डिस्क काहीही म्हणो, वस्तू जन्मायच्या आधी ती घरात येत नाही.

मग आली कधी? इथे फॅटची आणखी एक सवय कामाला येते. फॅट फोल्डरांची नावं अकारविल्हे लावत नाही, जी जशी तयार झाली तशी एकाखाली एक लिहितो. एक्सप्लोरर आपल्याला ती लावून दाखवतो म्हणून कळत नाही. कमांड प्रॉम्प्टवर साधी यादी मागितली की मूळ क्रम दिसतो. तोच फोटो तुझ्याकडून मुद्दाम मागवून घेतला होता. त्यात व्हाइस सिटीच्या वर अकरावीच्या नोट्सचं फोल्डर आहे, जुलै २००३ चं. खाली तुझ्या बाबांच्या दिवाळी ग्रीटिंगांचं, ऑक्टोबर २००३ चं. मधल्या दोन-तीन फोल्डरांवर १ जानेवारी २००२, म्हणजे तेव्हा सेल मेलेला होता. दिवाळीच्या सुमारास कुणीतरी नवा बसवला. मधलं एखादं फोल्डर पुसलं असेल तर त्याची रिकामी जागा नवं फोल्डर घेऊ शकतं, हे मान्य. पण तसं झालं असेल तर गेम दिसतो त्याहून उशिराचाच ठरतो, आणि ते तुझ्या फायद्याचं. तेव्हा व्हाइस सिटी जुलै ते ऑक्टोबर २००३ च्या दरम्यान आली, असं मी आईसमोर सांगायला तयार आहे.

तुझ्या लेकीच्या लॅपटॉपवर हे सोपं असेल असं तू लिहिलंयस. तितकं नाही. स्टीमवर गेम कधी विकत घेतला ते खात्यात सापडतं, पण या मशीनवर कधी उतरवला ते वेगळं. स्टीमच्या छोट्या मॅनिफेस्ट फाइलीत शेवटच्या अपडेटची वेळ असते, तीही १ जानेवारी १९७० पासूनच्या सेकंदांत, आणि दर अपडेटला बदलते. काढून पुन्हा टाकला की फोल्डरही नवं. तिची दहावी यायला वेळ आहे, तेव्हा बघू.

आता ती यादी पुन्हा एकदा बघ. तू खालचा भाग बघितलास, वरचा नाही. ‘एसएससी नोट्स’च्या लगेच खाली एक फोल्डर आहे, ‘जीटीए-थ्री’. क्रिएटेड डिसेंबर २००२. त्याच्या वरच्या-खालच्या तारखा चोख जुळतात, तेव्हा सेल जिवंत होता. आणि हा गेम पीसीवर मे २००२ मध्येच आलेला. सेलचं कारण इथे चालायचं नाही.

ताईला, म्हणजे तुझ्या आईला, ‘जीटीए’ माहीत नाही, तिच्या लेखी सगळं ‘गाड्या पळवायचं’. म्हणून मी काल तिला फोन केला, सहज, गणपतीच्या शॉपिंगचं निमित्त करून. गेममध्ये मोटरसायकली होत्या का, असं विचारलं. कारण व्हाइस सिटीत मोटरसायकली आहेत, जीटीए-थ्रीत एकही नाही. रणगाडा दोन्हींत आहे, त्यामुळे रणगाड्याचं विचारून उपयोग नव्हता. ती म्हणाली, “मोटरसायकल कुठली? नुसत्या गाड्या. आणि सारखा पाऊस. काळपट गाव होतं रे ते, बघूनच कसंतरी व्हायचं.” व्हाइस सिटी म्हणजे समुद्रकिनारा, नारळाची झाडं, गुलाबी दिवे. तिने वर्णन केलं ते दुसऱ्याच शहराचं.

फोल्डर असणं म्हणजे खेळणं नव्हे, असं तू म्हणशील, आणि वकिली म्हणून ते बरोबर आहे. त्या गेमचे सेव्हही सी ड्राइव्हवर होते आणि फॉर्मॅटमध्ये गेले. व्हाइस सिटीबद्दल माझी साक्ष लेखी हवी असेल तर देतो. दुसऱ्या फोल्डरबद्दल ताईने विचारलं तर खोटं बोलणार नाही, आपणहून मात्र तोंड उघडणार नाही. काय ते तू ठरव.

आणि डिस्कवर काही करण्याआधी तिची पूर्ण इमेज काढून ठेव. विंडोजने ‘स्कॅन ॲण्ड फिक्स’ विचारलं तर नाही म्हण, डबल-क्लिक करत हिंडू नकोस. फोल्डरं नुसती ओढून लॅपटॉपवर टाकलीस तर सगळ्यांवर आजची क्रिएटेड तारीख पडेल आणि माझी ही सगळी मांडणी पाण्यात जाईल. बाबांची ग्रीटिंगं तेवढी मला पाठव. त्यातलं एक मी टाइप केलं होतं, शिवाजी फॉण्टमध्ये, बहुधा आता उघडेल तेव्हा नुसती इंग्रजी अक्षरांची खिचडी दिसेल. फॉण्ट माझ्याकडे आहे, धाडतो.

ताईला नमस्कार, लेकीला गोड पापा.

तुझा,
मामा