दीड हाताचा दांडा

अर्थशास्त्राच्या तासाला सरांनी फळ्यावर लिहिलं, 'श्रमबाजारातील विषमता', आणि उदाहरण दिलं अमेरिकेचं. अमेरिका म्हटल्यावर माझ्या डोळ्यांपुढे उंच इमारती आल्या. सर मात्र सांगत होते कॅलिफोर्नियातल्या सलिनास खोऱ्यात, लेट्यूसच्या शेतात वाकलेल्या मेक्सिकन मजुरांबद्दल. तास संपला तरी ती माणसं मनातून हलेनात. मी ग्रंथालय गाठलं.

१९४२ ते १९६४ या काळात 'ब्रासेरो' करारांखाली मेक्सिकोतून लाखो मजूर अमेरिकेत नेले गेले. स्पॅनिशमध्ये 'ब्रासो' म्हणजे बाहू. नावच सांगत होतं, माणसं नकोत, हात हवेत!

त्या हातांत खुरपणीचं एक अवजार दिलं गेलं, 'एल कोर्तितो'. दांडा जेमतेम हात-दीड हात. दिवसभर कमरेत वाकून काम. लांब दांड्याने पीक दुखावतं, असं मालक म्हणत. मजुरांना दुसरंच कारण दिसत होतं. कोण ताठ उभा आहे, म्हणजे कोण थांबला आहे, हे मुकादमाला लांबूनच कळे. कित्येकांच्या कमरा कायमच्या गेल्या. डॉक्टरांनी साक्षी दिल्या, वकील न्यायालयात भांडले, तेव्हा कुठे १९७५ साली कॅलिफोर्नियात त्यावर बंदी आली. शेती काही बुडाली नाही!

सुट्टीत हे आईला सांगितलं. ती रोजंदारीवर खुरपायला जाते. रात्री भिंतीला पाठ टेकल्याशिवाय तिला बसवत नाही. सगळं ऐकून तिने विचारलं, "मंग त्यांची मजुरी वाढली का रं?"

मी गप्प झालो. १९३५ साली संघटनेचा हक्क देणारा कायदा झाला, १९३८ साली किमान वेतनाचा. दोन्हींतून शेतमजूर वगळलेले. १९६६ च्या दुरुस्तीने किमान वेतन काहींना मिळालं. जादा तासांचा दीडपट मोबदला मात्र देशाचा कायदा त्यांना आजही देत नाही. १९६५ साली डेलानोच्या द्राक्षमळ्यांत फिलिपिनो मजुरांनी संप पुकारला, मेक्सिकन मजूर त्यांना येऊन मिळाले. मळेवाल्यांनी करारावर सह्या केल्या १९७० साली. पाच वर्षं!

मजुरी मागणी-पुरवठ्याने ठरते, असं आमच्या पुस्तकात आहे. पण कायद्याच्या उंबऱ्याआत कोणाला घ्यायचं आणि बाहेर कोणाला ठेवायचं, हे त्याआधीच ठरलेलं असतं.

"वाढली, पण आपोआप नाही," एवढंच मी आईला म्हणालो.

परीक्षेत या प्रश्नाला दहा गुण आहेत. ते मिळतीलही. आईच्या प्रश्नाला किती, हे कोणत्याच प्रश्नपत्रिकेत छापलेलं नाही.