तुकडे आणि यादी

वस्तू घरातच असते आणि तरीही ती हरवलेली असते, हा अनुभव कोणाला नाही? ग्रंथालयात भलत्याच फळीवर गेलेले पुस्तक इमारतीत असूनही नसल्यासारखेच. आमच्या घरी एक जुनी हार्डडिस्क आहे. तिच्याकडे पाहिले, की मला हटकून हे आठवते.

ती दादाची. प्लेस्टेशन २ हे खेळांचे यंत्र सोनीने मार्च २००० मध्ये जपानात प्रथम विक्रीस आणले. २०१३ च्या सुमारास त्याचे उत्पादन थांबले. पुढे आमच्या यंत्राचे भिंग थकले, तबकड्या वाचेनासे झाले. तेव्हा दादाने विकत घेतलेल्या तबकड्यांच्या प्रती या हार्डडिस्कवर उतरवल्या आणि ती यंत्राच्या यूएसबी खाचेला जोडली.

हे काम वाटते तितके सरळ नव्हे. 'फॅट ३२' पद्धतीच्या डिस्कवर ४ जीबीची मर्यादा ओलांडणारी फाइल मावत नाही आणि डीव्हीडीवरचा खेळ त्याहून मोठा असू शकतो. यावर 'यूएसबीयुटिल' या जुन्या विंडोज प्रोग्रॅमचा तोडगा मोठा गमतीचा. तो खेळाचे एकेक जीबीचे तुकडे करतो आणि त्यांची नोंद 'यूएल डॉट सीएफजी' नावाच्या चिमुकल्या फाइलमध्ये ठेवतो. एका खेळाला ६४ बाइट. त्यांतले ३२ नावासाठी. त्या नावावरूनच गणिताने एक आठ अक्षरी खूण निघते आणि ती प्रत्येक तुकड्याच्या नावात गोवली जाते. यादीतले नाव कोणी परस्पर बदलले, की खूण जुळत नाही. तुकडे शाबूत, पण खेळ नाहीसा! शिवाय यंत्राची खाच यूएसबी १.१ ची, सेकंदाला फार तर दीड मेगाबाइट देणारी. त्यामुळे मधली चलच्चित्रे अडखळतात. आई त्याला 'यंत्राचा खोकला' म्हणते.

दादा नोकरीनिमित्त मस्कतला गेला. आता बाबा म्हणतात, तो जुना संगणक भंगारात देऊन टाकू. तर्काने त्यांचे बरोबरच आहे. 'ओपन पीएस२ लोडर'च्या नव्या आवृत्त्या 'एक्सफॅट' डिस्कवरून अखंड फाइल चालवतात. मग तुकडे करणारा प्रोग्रॅम हवा कशाला?

पण यादी उघडली, की तीत दादाने ठेवलेली नावे दिसतात. 'देसी अड्डा' या २००९ च्या खेळात कबड्डी आहे. यादीत त्याचे नाव 'आजीचा सामना', कारण तो लागला की आजी माळ बाजूला ठेवून पाहायला बसे. मोटारींच्या एका शर्यतीचे नाव 'बाबा पुन्हा हरले'. हे खेळ जुन्या बाजारात आजही मिळतील. ही नावे कुठल्या बाजारात मिळणार? आजी तर आता नाही.

म्हणून मी बाबांकडे दिवाळीपर्यंतची मुदत मागितली आहे. रोज रात्री एकेका खेळाचे तुकडे सांधायचे आणि त्या अखंड फाइलला दादाचेच नाव द्यायचे, असा क्रम चालू आहे. यादी मी वहीतही उतरवून घेतली. काल 'बाबा पुन्हा हरले' सांधून झाला. बाबा शेजारी उभे राहून पाहत होते. म्हणाले, "नाव बदलू नकोस हो."