गायकाच्या मागे किंग कर्टिस

चि. धाकट्यास,


सॅक्सोफोनवादक किंग कर्टिसचे जन्मनाव कर्टिस माँटगोमेरी. जन्म ७ फेब्रुवारी १९३४, अमेरिकेतल्या टेक्सास राज्यात, फोर्ट वर्थ गावी. औस्ली दांपत्याने त्याला दत्तक घेतले आणि तो कर्टिस औस्ली झाला. बाराव्या वर्षी हाती सॅक्सोफोन आला. काळ्या मुलांसाठी वेगळी असलेली आय. एम. टेरेल ही त्याची शाळा. पुढे जॅझची घडी विस्कटून टाकणारा ऑर्नेट कोलमन तिथेच शिकत होता आणि दोघे बरोबर वाजवीत. कोलमनवर ग्रंथ लिहिले गेले. कर्टिसचे सूर मात्र त्याचे नाव ठाऊक नसलेल्या कोट्यवधी लोकांच्या कानात राहिले.

'दुसऱ्याच्या गाण्यात मागे उभा राहून फुंकतो तो वादक कसला,' असे म्हणून तू स्टुडिओचे काम नाकारलेस, हे वहिनीकडून कळले. तेव्हापासून मला चैन नाही. फोनवर तू 'हो आत्या, हो आत्या' म्हणून सुटतोस, म्हणून हे पत्र. माळ्यावरच्या तबकड्या पुसता पुसता तूच एकदा विचारले होतेस, हा मध्येच कोण ओरडतो? तो हाच.

टेक्सासमधल्या टेनर सॅक्सोफोनवादकांची एक परंपरा आहे. नाद भरदार, सुराला ब्लूजचा खरखरीत काठ आणि श्रोत्याला खुर्चीवरून उठवण्याची हौस. इलिनॉय जॅके हा त्यातला मोठा. ह्यूस्टनमध्ये वाढलेल्या जॅकेने लायनल हॅम्प्टनच्या 'फ्लाइंग होम'मध्ये १९४२ साली जो तुकडा वाजवला, तो पुढच्या पिढीने पाठच केला. कर्टिसने कॉलेजच्या शिष्यवृत्त्या नाकारून याच हॅम्प्टनच्या बँडची वाट धरली. (वहिनीला हे सांगू नकोस. तुझी शेवटची परीक्षा अजून राहिली आहे.) १९५२ मध्ये तो न्यूयॉर्कला आला आणि रेकॉर्डिंगची कामे घेऊ लागला.

त्या कामाची रीत ठरलेली होती. वादकांच्या संघटनेच्या नियमाने बैठक तीन तासांची आणि तेवढ्यात तीन-चार गाणी संपवायची. वादक येतो, गाणे एकदा-दोनदा ऐकतो, कागदावर स्वरावली असली तर पाहतो. मग गायकाच्या दोन कडव्यांमधल्या जागेत त्याला आपले म्हणणे मांडायचे असते. जागा किती? बहुतेक वेळा आठ किंवा सोळा बार, म्हणजे पंधरा-वीस सेकंद, फार तर अर्धा मिनिट. मैफलीतला वादक चुकला तर पुढच्या आवर्तनात सावरून घेतो, याला ती सोय नाही. शिवाय गायकाचा रंग मोडता कामा नये, आणि गायक परत आला तेव्हा गाणे आधीपेक्षा एक पायरी वर गेलेले हवे. तू रियाझात तासभर एकच स्केल फिरवतोस ते ठीक आहे. पण अर्ध्या मिनिटात सुरुवात, चढ आणि शेवट बसवून दाखव, मग बोलू.

कर्टिसची हातोटी दोन गोष्टींत होती. एक, जिभेने रीडवर मारलेले तुटक ठोके. सूर लांबवायचा नाही, चिमटीत धरून सोडून द्यायचा. दुसरी, घशातली गुरगुर. वाद्यात फुंकतानाच घशातून दुसरा सूर धरला की दोन्ही कंपने एकमेकांवर आदळतात आणि आवाज फाटल्यासारखा होतो. हे सारखे केले तर गोंगाट होतो. त्याने ते तिखटाच्या हाताने वापरले. १९५८ च्या उन्हाळ्यात 'द कोस्टर्स'चे 'यॅकेटी यॅक' अमेरिकेत पहिल्या क्रमांकावर गेले, त्यातला कोंबडीसारखा आवाज काढणारा तुकडा कर्टिसचा. घरकामावरून मुलाला झापणाऱ्या आईबापांचे ते गाणे. शब्द संपतात तिथे सॅक्सोफोन तीच टकळी पुढे चालवतो. पुढच्या वर्षीच्या 'चार्ली ब्राउन'मध्येही तोच आहे. बूट्स रँडॉल्फचे 'यॅकेटी सॅक्स' या वादनावरूनच सुचले. टीव्हीवर माणसे भराभर पळू लागली की वाजते ते हेच. तू लहानपणी त्यावर सोफ्याभोवती धावायचास.

'यॅकेटी यॅक'च्याच वर्षी गायक बडी हॉलीने कर्टिसला न्यू मेक्सिकोतल्या क्लोव्हिस गावी नॉर्मन पेटीच्या स्टुडिओत बोलावून घेतले. तिथे 'रेमिनिसिंग' ध्वनिमुद्रित झाले. गाण्याचा कर्ता म्हणून नाव कर्टिसचे लागले. हॉलीने येण्याच्या मोबदल्यातच ते देऊ केले, असे सांगतात. हॉली पुढच्या फेब्रुवारीत विमान अपघातात गेला आणि गाणे १९६२ मध्ये बाहेर आले.

नावाचे मोल हॉलीला कळले होते, कंपन्यांना नव्हते; किंवा फार चांगले कळले होते म्हणूनच त्या ते देत नसत. त्या काळच्या छोट्या तबकड्यांवर गायक, कर्ता आणि कंपनी यांची नावे असत. मधला तुकडा वाजवणाऱ्याचे नसे. अमेरिकन कायदाही त्याच चालीचा. तिथल्या रेडिओ केंद्रावर गाणे वाजले की गीतकार-संगीतकाराला पैसे मिळतात, गाणाऱ्या-वाजवणाऱ्याला एक सेंटही नाही. मुंबईच्या सिनेसंगीतात काय वेगळे होते? गोव्याहून आलेले कितीतरी वादक वर्षानुवर्षे स्टुडिओत बसले. 'ये दुनिया उसी की' म्हटले की रफी आणि शम्मी कपूर आठवतात. मनोहारी सिंगांचा सॅक्सोफोन काढून घेतला तर त्या गाण्याचे काय उरेल, हे कोणी विचारीत नाही. वाजवणाऱ्याचे नाव छापलेच पाहिजे, तबकडीवर, पडद्यावर आणि आता त्या मोबाइलच्या खिडकीतसुद्धा. हे मी चाळीतल्या गणपतीत बोलले तेव्हा तुम्ही सगळे हसलात. हसा.

कर्टिस मात्र नाव मिळत नाही म्हणून रुसून बसला नाही. १९६२ मध्ये हार्लेमच्या बॉबी रॉबिन्सनच्या एन्जॉय कंपनीसाठी त्याने 'सोल ट्विस्ट' केले आणि ते रिदम अँड ब्लूजच्या यादीत पहिले आले. १९६४ चे 'सोल सेरेनेड' त्याने ल्यूथर डिक्सनबरोबर रचले. प्रेस्टिज कंपनीसाठी नॅट अॅडर्ली, विंटन केली, पॉल चेंबर्स अशा बिनीच्या जॅझवादकांबरोबर तबकड्या काढल्या. म्हणजे त्याला जॅझ येत नव्हते म्हणून तो पॉपमध्ये गेला, हा तुझा लाडका आक्षेप इथे लागू पडत नाही. जानेवारी १९६३ मध्ये मायामीच्या हार्लेम स्क्वेअर क्लबात सॅम कुक गायला, तेव्हा साथीला कर्टिसचा बँड होता. ऑगस्ट १९६५ मध्ये न्यूयॉर्कच्या शे स्टेडियमवर बीटल्सच्या आधी ५५ हजारांवर लोकांपुढे त्याचा बँड वाजला. पुढच्या वर्षी काही काळ त्याच्याकडे गिटारला एक तरुण होता, जिमी हेंड्रिक्स.

अॅटलांटिक कंपनीत अरीथा फ्रँकलिन आली आणि कर्टिसला त्याच्या तोलाचा गळा मिळाला. 'रिस्पेक्ट' मूळचे ओटिस रेडिंगचे, १९६५ चे, आणि त्यात मधला तुकडा नव्हता. १४ फेब्रुवारी १९६७ रोजी न्यूयॉर्कच्या स्टुडिओत अरीथाचे ध्वनिमुद्रण झाले तेव्हा ती जागा भरायला सॅम आणि डेव्ह यांच्या दुसऱ्याच एका गाण्याच्या कॉर्ड उचलल्या गेल्या. गाणे एकदम दूरच्या पट्टीत उडी घेते, कर्टिस तिथे आठ बार वाजवतो आणि अरीथा परत घरच्या पट्टीत उतरते. तू हे गाणे शंभरदा ऐकले असशील. आता तेवढेच आठ बार ऐक. तो एकही सूर दाखवण्यासाठी वाजवत नाही. ते नुसते भरताड वाटत असेल तर तो तुकडा मनातल्या मनात काढून टाक आणि पुन्हा ऐक. त्या वर्षी जूनमध्ये गाणे पहिल्या क्रमांकावर होते, आणि रेडिओचा पैसा कायद्याप्रमाणे रेडिंगच्या बाजूला गेला.

त्याच साली मेम्फिसमध्ये केलेले 'मेम्फिस सोल स्ट्यू' म्हणजे गंमत आहे. कर्टिस पाककृती सांगावी तसे एकेक वाद्य बोलावतो आणि ते येऊन मिसळते. मागच्यांची ओळख पुढे येऊन करून देणारे असे गाणे त्यालाच सुचावे. १९७० मध्ये 'गेम्स पीपल प्ले'साठी त्याला ग्रॅमी मिळाले. त्यात गिटार ड्वेन ऑलमनची होती.

मार्च १९७१ मध्ये सॅन फ्रान्सिस्कोच्या फिलमोर वेस्टला अरीथाच्या तीन रात्री झाल्या. बँड कर्टिसचा, नाव 'किंगपिन्स'. ड्रमवर बर्नार्ड पर्डी, बासवर जेरी जेमॉट, गिटारवर कॉर्नेल डुप्री, ऑर्गनवर बिली प्रेस्टन. जोडीला मेम्फिस हॉर्न्स. तो अरीथाचा संगीत संचालक होता आणि तिच्या आधी स्वतःचे अर्धे सत्रही वाजवी. या मैफलींतून दोघांच्या वेगवेगळ्या तबकड्या निघाल्या. त्याच्या तबकडीवरचे 'अ व्हाइटर शेड ऑफ पेल' सावकाश ऐक, घाईत नको. जुलैत त्याने जॉन लेननच्या 'इमॅजिन' संचातल्या दोन गाण्यांवर वाजवले.

पुढचे लिहायला हात जड होतो. १२ ऑगस्टच्या मध्यरात्रीच्या सुमारास मॅनहॅटनच्या पश्चिम ८६ व्या रस्त्यावरच्या आपल्या इमारतीत तो एसी घेऊन जात होता. पायऱ्यांवर बसलेल्यांशी बोलाचाली झाली आणि एकाने छातीत सुरा खुपसला. कर्टिसने तो हिसकावून त्याच्यावर वार केले. पण रूझवेल्ट रुग्णालयात नेल्यावर तो गेला. वय ३७. पायऱ्या अडवल्या, एवढेच निमित्त. तू रात्री दीडला ती पेटी पाठीवर टाकून स्टेशनपासून चालत येतोस आणि नाक्यावरच्या पोरांशी हुज्जत घालतोस, हे मला कळत नाही असे समजू नकोस. रिक्षा करत जा. पैसे मी देते. आणि जिन्यात कोणी बसलेले असले तर वळसा घालून जा. वाट अडली म्हणून कमीपणा येत नाही.

अंत्यविधीच्या दिवशी अॅटलांटिकने कचेऱ्या बंद ठेवल्या. पाद्री जेसी जॅक्सन यांनी विधी चालवला, किंगपिन्सनी 'सोल सेरेनेड' वाजवले, स्टीव्ही वंडर आणि अरीथा गायले. ड्वेन ऑलमन तिथे होता. काही दिवसांनी न्यूयॉर्कच्या एका वादनात त्याने आपल्या बँडच्या गाण्यात 'सोल सेरेनेड' गुंफले. ऑक्टोबरमध्ये मोटरसायकलच्या अपघातात तोही गेला. 'इमॅजिन' बाजारात आले ते कर्टिसच्या मृत्यूनंतर, सप्टेंबरात. हार्लेम स्क्वेअर क्लबाची मैफल कंपनीने बावीस वर्षे दाबून ठेवली, ती १९८५ मध्ये निघाली. २००० साली रॉक अँड रोल हॉल ऑफ फेमने साथीदारांसाठी वेगळा गट सुरू केला. त्याच्या पहिल्या पाच जणांत ड्रमर हॅल ब्लेन आणि अर्ल पामर, बासवाला जेम्स जेमरसन, गिटारवाला स्कॉटी मूर यांच्याबरोबर किंग कर्टिसचे नाव आहे.

स्टुडिओवाल्यांचा फोन पुन्हा आला तर उचल. जायचे की नाही ते तुझे तू ठरव, पण गेलास तर कोऱ्या कागदावर सही करू नकोस, आणि नाव छापणार का, हे पैशांच्या आधी विचार. त्या खोल्यांत एसी फार असतो. मफलर ने, तुझा खोकला अजून गेलेला नाही.

तुझी,
आत्या