कापलेल्या फितीचा वास

वाय. जी. चव्हाण हे नाव तुम्ही वाचलंय, फक्त तुमच्या लक्षात राहिलेलं नाही. ‘प्यासा’, ‘सीआयडी’, ‘कागज के फूल’ यांच्या श्रेयनामावलीत ते येतं. टुरिंग टॉकीजच्या तंबूत लोक सतरंज्या पसरत, शेंगांचे पुडे सोडत, पोरांना मांडीत ओढत असायचे, तेवढ्यात ते येऊन जायचंही.

हे सिनेमे ज्यांचे, ते गुरुदत्त १९६४ साली गेले. मूर्तींचा छायाप्रकाश, अबरार अल्वींचे संवाद यांवर अजून रात्री जागतात, पण त्यांच्या संकलकाचा, म्हणजे या चव्हाणांचा, विषय निघाल्याचं मी फारसं ऐकलेलं नाही. मला मात्र त्या काळची संकलनाची खोली उगाचच आठवत राहते, जणू आपलंच जुनं माजघर: फिल्म सिमेंटचा नाकात चढणारा वास, मूव्हिओलाची खडखड, खुंटीला टांगलेल्या फिती, पांढरे हातमोजे, मेणाच्या पेन्सिलीची एक रेघ आणि मग कात्री. फुटात सोळा चौकटी, सेकंदाला चोवीस. म्हणजे तुमचा-माझा एक उसासा दोन-तीन फुटांत मावतो. आजी सुपात तांदूळ निवडायची, पण तिच्या बोटांतून खडेच जायचे; इथे चांगले दाणेही टाकावे लागत, कारण गुरुदत्त भरपूर चित्रित करत आणि पुन्हा पुन्हा करत.

‘आरपार’मधलं गॅरेजमधलं ते गाणं आठवा, बोलता बोलता कधी सुरू होतं ते कळतच नाही. तो सांधा दिसत नाही आणि सांधणाराही. या कामाचं हेच तर दुखणं, जितकं नीट जमेल तितका माणूस पुसला जातो.

आणि जे कापलं, ते तर गेलंच. १९६२च्या ‘साहिब बीबी और गुलाम’च्या शेवटाकडे बग्गीत एक गाणं होतं, भूतनाथच्या मांडीवर डोकं टेकलेली छोटी बहू. प्रेक्षकांना ते खटकलं आणि प्रदर्शनानंतर गाणं काढून तिथे संवाद बसवले. मला विचाराल तर सिनेमा त्याने घट्टच झाला. पण हेमंतकुमारांनी तीच चाल पुढे ‘अनुपमा’त वापरली, आणि ती रेडिओवर लागली की ती बग्गी एकदा तरी तशी पाहायला हवी होती, असं वाटून हातातलं काम थोडं थांबतंच.